आजीच्या ट्रंकेत सापडलेलं नमुन्याचं कापड परदेशी भरतकामाचं की आपल्या कशिद्याचं?

तुम्ही विचारलंय ते थोडक्यात असं: निपाणीच्या जुन्या घरात आजीच्या ट्रंकेत मॅटीचा, म्हणजे दोरे मोजता येतील अशा जाड विणीच्या कापडाचा, एक लांबट तुकडा सापडला. वर फुलीच्या टाक्यात ए ते झेड आणि एक ते दहा आकडे, त्याखाली आजीचं माहेरचं नाव मराठीत, आणि सगळ्यांत खाली गोपूर, अंबारीचा हत्ती आणि तुळशीवृंदावन. हे इंग्रजांचं काम की आपलं, किती जुनं असेल, आणि चौकट करून भिंतीवर लावावं का?

आधी एक करा. कापड उलटं करून मागची बाजू बघा. ती बघितल्याशिवाय कुणीही काही सांगितलं तरी तो अंदाजच.

अक्षरांच्या मागे बहुधा उभ्या-आडव्या रेघा दिसतील आणि एका अक्षरावरून दुसऱ्यावर ओढत नेलेला दोरा दिसेल. फुलीचा टाका पुढून नीट, मागून वेगळा, हे त्याच्या रचनेतच आहे. आता गोपुराची मागची बाजू बघा. तिथंही पुढच्यासारखंच गोपूर दिसलं, कुठं गाठ नाही, कुठं लोंबता दोरा नाही, तर ते गवंती या टाक्याचं काम. म्हणजे तुमच्या आजींच्या हातात धारवाड-बेळगाव-विजापूर भागाचा कशिदा होता. कन्नडमध्ये त्याला कसूती म्हणतात.

गवंतीची गंमत अशी की ती धावदोऱ्याचीच आहे. समजा कापडाचे चार दोरे वर, चार दोरे खाली असं मोजत रेघ पुढं नेली. कळसापर्यंत पोचलं की त्याच वाटेनं परत फिरायचं आणि जाताना सुटलेल्या जागा येताना भरायच्या. मधे फाटा आला तर तो टोकापर्यंत नेऊन परत आणायचा, मगच पुढं सरकायचं. प्रत्येक रेघेवरून सुई दोनदा जाते, एकदा जाताना आणि एकदा येताना, म्हणून दोरा सुरू झाला तिथंच येऊन संपतो आणि टोकं टाक्यांखाली दडवली की गाठीची गरजच उरत नाही. ऐकायला सोपं वाटतं. गोपुराच्या तिसऱ्या मजल्यावर एक दोरा कमी मोजला गेला तर मात्र कळस मधोमध येत नाही, आणि उसवत खालपर्यंत यावं लागतं. म्हणून माझ्याकडे शिकायला येणाऱ्या मुलींना मी पहिले काही दिवस आकृतीच देत नाही, नुसत्या पायऱ्या घालायला लावते.

त्या पायऱ्यांच्या टाक्याला मुरगी म्हणतात, तीही दोन्ही अंगांनी सारखी. नेगी विणल्यासारखी दिसते आणि तिची मागची बाजू पुढच्या बाजूच्या उलट उमटते. मेंथी म्हणजे फुलीचा टाका, भरगच्च भरायला. कशिद्याचे मुख्य टाके हे चारच. जुन्या बायका यांतलं काहीच कापडावर आखत नसत. काळ्या चंद्रकळीवर किंवा इरकलीवर सरळ दोरे मोजून भरायच्या. मोठ्या आकृती पदराजवळ, तिथून लांब गेलं की लहान होत जाणाऱ्या. काळ्या कापडावर दिव्याच्या उजेडात दोरे मोजणं डोळ्यांना किती जड जातं, ते केल्याशिवाय कळत नाही. आता बहुतेक ठिकाणी साडीवर जाळी टाचतात, तिच्या घरांवर टाके घालतात आणि काम झालं की जाळीचे दोरे एकेक करून ओढून काढतात. मला त्यात कमीपणा वाटत नाही. टाका तोच राहतो, डोळे वाचतात.

आता अक्षरांकडे वळू. अक्षरं, आकडे, नाव आणि थोडी चित्रं एका कापडावर भरायची ही रीत युरोपातली. तिथं छापील नमुने सहज मिळत नव्हते तेव्हा बायका नवीन टाका, नवीन किनार दिसली की कापडाच्या पट्टीवर उतरवून ठेवायच्या आणि पट्टी गुंडाळून पेटीत टाकायच्या. ती त्यांची वहीच होती. इंग्लंडमधला तारीख घातलेला सगळ्यांत जुना ज्ञात नमुना जेन बोस्टोक हिचा, 1598 सालचा. तो लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट संग्रहालयात आहे. पुढं 18व्या शतकात हे कापड चौकोनी झालं, त्यावर घर, झाडं, प्रार्थनेच्या ओळी आल्या आणि ते मुलींच्या शिक्षणाचा दाखला म्हणून भिंतीवर गेलं. अक्षरं-आकडे शिकवण्यामागं व्यवहार होता. घरच्या चादरी, टॉवेल, कपडे धुवायला गेले की ओळखू यावेत म्हणून त्यांवर खूण भरावी लागे.

आपल्याकडे हे बहुतेक शाळांमधून आलं. बेळगाव 1818 मध्ये इंग्रजांच्या ताब्यात गेलं आणि 1820 पासून लंडन मिशनरी सोसायटीचं काम इथं सुरू झालं. मिशनच्या मुलींच्या शाळांत शिवण-टिपण हा ठरलेला विषय असे, आणि पुढं इतर शाळांनीही तो उचलला. तुमच्या आजींनी वरच्या ओळी बाईंच्या देखरेखीखाली भरल्या असाव्यात आणि खालचं गोपूर आई-आत्याकडून घेतलं असावं, असं मला वाटतं. शाळेच्या परीक्षेत गोपूर कुणी मागत नव्हतं. ते तिनं स्वतःहून भरलं, म्हणून मला त्या तुकड्याचा खालचा भाग जास्त मोलाचा वाटतो.

एक गोष्ट मुद्दाम सांगते. आपली गवंती आणि युरोपातला होल्बाइन टाका हे एकच तंत्र आहे. हान्स होल्बाइन या 16व्या शतकातल्या चित्रकारानं रंगवलेल्या माणसांच्या कॉलर-बाह्यांवर ते काम दिसतं म्हणून त्याचं नाव टाक्याला पडलं. तेव्हा नुसत्या टाक्यावरून परदेशी की आपलं हे ठरवू नका. आकृती, कापड आणि मागची बाजू मिळून ठरवा.

वय काढायचं तर दोरा उजेडात धरा. सुती दोऱ्याला रेशमासारखी चकाकी असेल तर तो मर्सराइज्ड, म्हणजे कॉस्टिक सोड्याची प्रक्रिया करून चमक आणलेला आहे, आणि असा दोरा बाजारात 1890 नंतरच रुळला. म्हणजे काम त्याच्या अलीकडचं. चकाकी नसली म्हणून ते जुनंच असं मात्र नाही, धुऊन धुऊनही ती जाते. आजींचं जन्मसाल आणि त्या कोणत्या इयत्तेपर्यंत शिकल्या हे घरात कुणाला ठाऊक असेल तर तो पुरावा दोऱ्यापेक्षा भक्कम.

धुवायची घाई करू नका. लाल आणि काळा दोरा अनेकदा रंग सोडतो. पांढऱ्या सुती चिंधीचा कोपरा ओला करून मागच्या बाजूनं प्रत्येक रंगावर हलकेच टेकवा. चिंधीला रंग लागला तर पाण्याचं नावही काढायचं नाही. इस्त्री थेट फिरवू नका. घडी घालू नका, घडीवरच धागा तुटतो. धुतलेल्या मलमलीत सैल गुंडाळून ठेवा, प्लॅस्टिकच्या पिशवीत नको. आपल्याकडच्या पावसाळ्यात आत दमट राहून बुरशी धरते. डांबरगोळ्या कापडाला टेकू देऊ नका.

चौकट जरूर करा, पण चौकटवाल्याला डिंक लावू देऊ नका आणि मागं साधा पुठ्ठा घालू देऊ नका, त्याचे पिवळे डाग कापडावर उतरतात. कडेनं बारीक टाके घालून कापड धुतलेल्या सुती अस्तरावर बसवायला सांगा, गोपुरामागं अस्तर तेवढं कापून घ्या, आणि पुढं-मागं दोन्हीकडे काच घाला. काच कापडाला चिकटू नये म्हणून मधे पट्टी हवी. खर्च थोडा वाढतो, पण चौकट फिरवली की गवंती दोन्ही बाजूंनी दाखवता येते. लावताना खिडकीसमोरची भिंत टाळा.