खड्डा खणाल, पण पाणी कुठे जाणार?

मे उजाडला की पत्रांचा ढीग येतो, आणि त्यांतली निम्मी पत्रे एकच विचारतात: अंगणात बारा महिने हिरवे राहणारे झाड लावायचे आहे, माती कशी तयार करू? गेल्या वर्षी लिहिले होते, त्याआधीही लिहिले होते. पुन्हा लिहितो.

आंबा आणि बकुळीसाठी खड्डा केवढा घ्यावा? (सातारा)

आंब्याला १ मीटर लांब, रुंद आणि खोल. बकुळीला ६० सेंमी पुरे. वरची वीतभर माती वेगळी काढून ठेवा.

नर्सरीवाले म्हणतात, काळी माती फेकून द्या आणि दोन ट्रॉली लाल माती घ्या. घेऊ का? (पुणे)

लाल माती विकणारा दुसरे काय सांगणार? तो रंग लोहाच्या गंजाचा. त्यावरून मातीचा कस कळत नाही. ट्रॉलीतून येते ती बहुधा कुठल्या तरी टेकडीची खरवड. कुंडीत ठीक, पण झाडाची मुळे पाच वर्षांनी तुमच्या काळ्या मातीतच जाणार आहेत. पैसे खर्च करायचेच असतील तर आधी स्वतःच्या मातीचे परीक्षण करून घ्या. ते ट्रॉलीच्या भाड्यापेक्षा स्वस्त पडते.

आमची जमीन भारी काळी. फणस लावायचा आहे. तळाशी फूटभर वीटतुकडे घातले की निचरा होतो असे सगळे सांगतात. बरोबर ना? (परभणी)

नाही. हे ‘सगळे’ मला एकदा भेटायचे आहेत.

पाणी बारीक मातीतून मोठ्या पोकळीत सहजी उतरत नाही. वरची माती गच्च भिजून ठिबकू लागेपर्यंत ते तिथेच लटकून राहते. म्हणजे विटा घालून तुम्ही चिखल फूटभर वर आणला, एवढेच. आणि विटांत उतरलेले पाणी पुढे जाईल कुठे? भोवतीची काळी माती भिजली की फुगते, भेगा मिटतात आणि खड्ड्याचा हौद होतो. त्यात भुसभुशीत मातीखत भरलेले, त्यामुळे अख्ख्या अंगणाचे पाणी तिकडेच धावते.

पळस उन्हाळ्याच्या तोंडावर पाने टाकून मोकळा होतो. फणसाला ती सोय नाही. त्याच्या पानांना बारा महिने पाणी लागते, म्हणून मुळांना बारा महिने हवा लागते. जुलैत मुळे कुजली तरी पाने काही बोलत नाहीत. ऑक्टोबरच्या उन्हात ती मलूल होतात, घरचे म्हणतात पाणी कमी पडले, आणि आणखी दोन बादल्या ओततात. माझा स्वतःचा फणस असाच गेला. उपटला तेव्हा मुळांची साल मोज्यासारखी बोटांत निघून आली. आत काळपट दोरा उरला होता आणि वास गटाराचा.

म्हणून आधी पाणी मोजा. खड्डा दोन दिवस पाण्याने भरत राहा. कोरड्या भेगा पहिले पाणी गटागटा पितात, त्यावर जाऊ नका. तिसऱ्या दिवशी सकाळी फूटभर पाणी घाला, काडी रोवून खूण करा. तासाला बोटाच्या रुंदीएवढे तरी उतरले पाहिजे. संध्याकाळी पाणी तसेच उभे दिसले तर तो खड्डा बुजवा आणि त्या जागी दीड-दोन फूट उंच, चांगला दोन मीटर रुंद मातीचा उंचवटा करून त्यावर रोप लावा. उतरले तर खड्ड्याच्या बाजू पहारीने खरवडा. फावड्याने लिंपल्यासारख्या गुळगुळीत झालेल्या भिंतीत मूळ शिरत नाही. भरायला काढलेलीच माती घ्या, त्यात साधारण चौथा हिस्सा कुजलेले शेणखत. चार घमेली वाळू टाकून काळी माती हलकी होत नाही, ते सोडून द्या.

एक मात्र आहे. जमीन चोपण, म्हणजे सोडियमचे क्षार साचलेली, असेल तर यातले बरेच बदलते आणि ते नुसत्या डोळ्यांना नेहमी कळत नाही. खड्डा भरण्याआधी जवळच्या कृषी विज्ञान केंद्रात माती दाखवा. झाडासाठी नमुना ० ते ३०, ३० ते ६० आणि ६० ते ९० सेंमी असा तीन थरांतून वेगवेगळा घ्यायचा असतो.

गोठ्यातले ताजे शेण चालेल का? (सांगली)

नाही. हुमणी, म्हणजे मुळे कुरतडणारी अळी, पाळायची हौस असेल तर घाला.

बंगल्याचे काम संपल्यावर कुंपणाशी सोनचाफा लावला. कोवळी पाने पिवळी, शिरा तेवढ्या हिरव्या. दुकानदाराने जिप्सम दिले. (नाशिक)

दुकानदाराकडे जिप्सम होते, म्हणून दिले. ते चोपण जमिनीचे औषध आहे. तुमची लक्षणे लोह न मिळाल्याची दिसतात. मातीत लोह असते, पण चुना जास्त झाला की मुळांना ते घेता येत नाही. कुंपणाशी गवंड्यांनी काय पुरले आहे ते फूटभर उकरून बघा. सिमेंटचे खपले, गिलाव्याची भुकटी, विटांचे तुकडे निघतील. वाळल्या ढेकळावर लिंबू पिळा. फेस आला तर चुना आहेच. नाही आला म्हणून नाहीच असे समजू नका. राडारोडा हाताने वेचून काढण्याला पर्याय नाही. लोहाची फवारणी तात्पुरती. तिचे प्रमाण मातीचा सामू (पीएच) बघून कृषी अधिकाऱ्यांकडून घ्या, डब्यावरून नको.

पाऊस लागला की माती मऊ होते. तेव्हाच खड्डे घेतले तर? (कोल्हापूर)

दरवर्षी हेच! खड्डा उन्हात तापायचा असतो, पावसात नव्हे. मृग तोंडावर आला आहे, हे वाचून झाले की कुदळ उचला.

आंब्याच्या कलमासाठी खणताना दोन फुटांवर अखंड कातळ लागला. ओळखीचा एकजण सुरुंग लावून देतो म्हणतो. (रत्नागिरी)

मुळीच नको. त्याला परवाना लागतो, आणि तुम्हीच लिहिले आहे की विहीर दहा हातांवर आहे. पहार ठोकत चार हात इकडे-तिकडे सरका. कुठे पोकळ आवाज किंवा भेग सापडते का बघा. नाहीच सापडली तर तालुका कृषी अधिकाऱ्यांना जागा दाखवा. तोवर कलम मोठ्या पिशवीत हलवून सावलीला ठेवा, आणि कलम बांधलेला जोड मातीखाली जाऊ देऊ नका.