ऑलिव्हिया कोलमननं कॉलेज सोडलं, मग मी का नको?

प्रश्न: आम्ही मूळचे नाशिकचे, आता इंग्लंडात स्लाऊला स्थायिक. मुलगी प्राथमिक शिक्षणाच्या पदवीच्या पहिल्या वर्षाला आहे. नाताळच्या सुट्टीत घरी आली आणि म्हणाली, "कॉलेज सोडते, मला अभिनय करायचाय." ब्रिटिश अभिनेत्री ऑलिव्हिया कोलमननं हाच कोर्स एका सत्रात सोडला आणि पुढे ऑस्कर मिळवलं, हे तिचं उत्तर. हे म्हणतात, आधी पदवी हातात घे, मग काय ते कर. कोणाचं ऐकू? – एक आई

उत्तर:

ताई, नमस्कार.

लेकीची माहिती खरी आहे. फक्त तिनं पहिलं पान वाचलं आणि एकदम शेवटचं उघडलं. मधली पानं तुम्ही दोघींनी मिळून वाचा, कारण तुमच्या घरातला वाद त्या पानांवरच सुटेल.

कोलमन 1974 ची, नॉर्विचची. आई नर्स, वडील सर्व्हेयर. नाटक-सिनेमाच्या धंद्यातलं घरात कोणी नाही. सोळाव्या वर्षी शाळेच्या नाटकात मुख्य भूमिका केली आणि गोडी लागली. केंब्रिजच्या होमर्टन कॉलेजात शिक्षिकेचा अभ्यासक्रम घेतला, तो एका सत्रातच सुटला. पण त्याच काळात तिनं विद्यापीठाच्या फूटलाइट्स या विनोदी नाट्यमंडळात ऑडिशन देऊन प्रवेश मिळवला होता. तिथं तिला डेव्हिड मिचेल, रॉबर्ट वेब हे पुढचे नामवंत विनोदी नट भेटले. केंब्रिजच्या नाटकांतच पुढे नवरा झालेला एड सिंक्लेअरही भेटला. म्हणजे अभ्यासक्रम सुटला तेव्हा नाटक आधीच सुरू होतं. आणि नुसत्या हौसेवर ती थांबली नाही. ब्रिस्टल ओल्ड व्हिक थिएटर स्कूलमध्ये रीतसर शिकली, 1999 ला बाहेर पडली.

पुढचा भाग मुलं सांगत नाहीत, कारण तो कंटाळवाणा आहे. ऑस्कर हातात घेऊन तिनं भर मंचावर सांगितलं, की आपण पूर्वी साफसफाईचं काम करायचो आणि ते आवडायचंही. 2000 पासून टीव्हीवर विनोदी कार्यक्रमांत लहानसहान कामं. 2003 मध्ये, वयाच्या एकोणतिसाव्या वर्षी, 'पीप शो' या विनोदी मालिकेतली सोफी मिळाली आणि लोक चेहरा ओळखू लागले. मुख्य भूमिका अर्थात मिचेल आणि वेबच्याच. केंब्रिजनं तिला पदवी दिली नाही, कंपू दिला. हे मी मुद्दाम सांगतो. तिच्या वाट्याला खासगी शाळा आली आणि पुढे नाव काढणारे मित्र आले. ते सगळ्यांच्या वाट्याला येत नाही. गुण होतेच, पण गुणी मुली लंडनमध्ये पुष्कळ आहेत.

मग उलटीच अडचण झाली. विनोदी नटी हा शिक्का बसू लागला, म्हणून एजंटच्या आग्रहावरून तिनं त्या मालिकेतलं काम कमी केलं. चाललेलं काम आपणहून कमी करणं सोपं नसतं, मला तिच्या कारकिर्दीतला हा निर्णय ऑस्करपेक्षा शिकण्यासारखा वाटतो. 2011 मध्ये पॅडी कॉन्सिडाइनच्या 'टिरॅनोसॉर' या चित्रपटात नवऱ्याचा मार खाणारी, धर्मादाय दुकानात काम करणारी हॅना तिनं केली आणि लोक चकित झाले. 2013 मध्ये 'ब्रॉडचर्च' मालिका, मग 'द नाइट मॅनेजर' मालिका, 2018 चा 'द फेव्हरिट' चित्रपट आणि त्याच्यासाठी 2019 मध्ये ऑस्कर, वयाच्या पंचेचाळिसाव्या वर्षी. 'द क्राउन' मालिकेतली राणी त्यानंतरची. नाट्यशाळा सुटल्यापासून ऑस्करपर्यंत वीस वर्षं.

तेव्हा लेकीला "सोडतेस का?" असं विचारू नका. "पहिली दहा वर्षं भाडं कसं भरशील, आणि आत्ता संध्याकाळी काय करतेस?" हे विचारा. विद्यापीठाच्या नाट्यमंडळात ती जाते का? जात नसेल तर तिला अभिनय आवडतो की सध्याचा कोर्स नकोसा झालाय, हे आधी शोधावं लागेल. पहिल्या वर्षी शाळेत सरावाला पाठवतात, त्या धसक्यानं पळणारी मुलं मी पाहिली आहेत.

आता यजमानांचं म्हणणं. "आधी पदवी" हे ऐकायला शहाणपणाचं, पण इंग्लंडात त्याची किंमत आहे. लेक सरकारी कर्जावर शिकते असं धरतो. एक पदवी पूर्ण झाली की त्याच पातळीच्या दुसऱ्या पदवीला सहसा कर्ज मिळत नाही. तीन वर्षांनी अभिनयाची पदवी करायची म्हटली तर फी घरातून भरावी लागेल, किंवा अभिनयातल्या एम.ए.साठी पदव्युत्तर कर्ज घ्यावं लागेल. याउलट, आजवरच्या नियमानुसार नव्या अभ्यासक्रमाची वर्षं अधिक एक जादा वर्ष, त्यातून आधी शिकलेली वर्षं वजा, इतकं कर्ज मिळतं. अर्धवट वर्षही पूर्ण धरतात. म्हणून पहिल्याच वर्षी सोडलं तर ते जादा वर्ष खर्ची पडतं आणि पुढची तीन वर्षं शाबूत राहतात. दुसऱ्या वर्षात सोडलं तर गणित बिघडतं. 2027 पासून नवी पद्धत येते आहे, त्यामुळे स्टुडंट फायनान्सकडून, म्हणजे हे कर्ज देणाऱ्या सरकारी कचेरीकडून, लेखी उत्तर घ्या.

तारखांकडेही बघा. दुसरं सत्र सुरू झालं की साधारण वर्षाच्या निम्म्या फीची जबाबदारी येते, तिसरं सुरू झालं की पूर्ण. शिवाय सोडण्याआधी शिक्षण तात्पुरतं स्थगित करता येतं का, हे विद्यापीठात विचारा. बहुतेक ठिकाणी ती सोय असते आणि मुलांना कोणी सांगत नाही.

ऑडिशन देण्यासाठी मात्र कॉलेज सोडायची गरजच नाही. नाट्यशाळांच्या निवडी हिवाळा ते वसंतात चालतात. साधारणपणे एक शेक्सपिअरकालीन आणि एक आधुनिक, असे दोन उतारे लागतात. पहिली फेरी पुष्कळदा घरी केलेल्या व्हिडिओवर होते. राडा (RADA) या लंडनच्या नामवंत नाट्यशाळेसारख्या ठिकाणी अभिनयाच्या पदवीला दरवर्षी जेमतेम 28 जण घेतात आणि अर्ज हजारोंनी येतात. पहिल्या वर्षी नकार आला तर रडारड नको, तो बहुतेकांना येतो. लंडनमध्ये टारा थिएटर आहे, तमाशा नावाची कंपनी आहे (आपला फड नव्हे). दक्षिण आशियाई कलाकारांसाठी दोन्हींनी बरंच काम केलंय. कंपू हवाच असेल तर तिथून शोधायला लागावं.

यजमानांना एक सांगा: नाट्यशाळेतली पदवीही पदवीच असते. पुढे शिक्षिका व्हावंसं वाटलं तर तिच्यावर पीजीसीई हे वर्षभराचं शिक्षक-प्रशिक्षण करता येतं, जीसीएसईत (तिकडच्या शालान्त परीक्षेत) इंग्रजी, गणित, विज्ञान ठीक असलं की झालं.

या वर्षी तिला कॉलेजात राहू द्या, नाट्यमंडळात जाऊ द्या आणि तीन-चार नाट्यशाळांत अर्ज करू द्या. प्रवेश मिळाला तर सोडण्याचं पत्र तेव्हा लिहा, आणि त्यावर यजमानांचीही सही असली तर उत्तम. उतारे मला पाठवू नका. त्यातलं मला कळत नाही.