बोलिव्हियातले लोक सैतानाचे मुखवटे घालून मेरीच्या देवळात नाचत का जातात? क्वेचुआ-आयमारा या तिथल्या मूळ रहिवाशांचा ख्रिस्ती धर्म वरवरचाच आहे का? (आम्हाला हा नाच बसवायचा आहे.)

नाही, वरवरचा अजिबात नाही. ‘वरून ख्रिस्ती, आत जुना धर्म लपवलेला’ असं ठासून सांगणाऱ्यांशी मी बराच वाद घातला आहे, म्हणून या प्रश्नावर गप्प बसवत नाही. तिथं लपवलेलं काहीच नाही. सगळं उघड्यावर, ठरलेल्या वारी चालतं.

ओरुरोचा कार्निव्हलचा आठवडाच बघा. खाणींचं शहर, उंची सुमारे ३,७०० मीटर. शुक्रवारी खाणकामगार तिओपुढे जमतात. तिओ म्हणजे जमिनीखालच्या धातूचा मालक. शिंगं असलेली मातीची मूर्ती, तोंडात पेटती सिगारेट, पुढ्यात कोकाची पानं आणि उसाची जळजळीत दारू. एरवीही मंगळवारी आणि शुक्रवारी त्याचा वाटा ठेवतात. कार्निव्हलच्या शुक्रवारी लामा कापून रक्त खाणीच्या तोंडाशी शिंपडतात. धातूची शीर दाखवणारा तोच, आणि विसरलात तर दरड अंगावर घालणाराही तोच. दुसऱ्याच दिवशी, शनिवारी, नाचणारे सुमारे ४ किलोमीटर नाचत सोकावोनच्या, म्हणजे खाणीच्या बोगद्याच्या, मेरीपाशी येतात. दारात मुखवटा उतरवतात आणि गुडघ्यांवर आत जातात. तीन वर्षं नाचायचा नवस असतो. मग मंगळवारी घरोघरी पाचामामाची, म्हणजे भूमातेची, चाल्या: दारू शिंपडून तिचा वाटा देणं.

ज्याचं देणं त्याला, त्याच्या वारी आणि त्याच्या जागी. मेरी जमिनीवरची, तिओ खालचा, पाचामामा पायाखालची. एकाला दिलं म्हणून दुसऱ्याचं चुकत नाही. बोलिव्हियाच्या २००९ च्या राज्यघटनेची प्रस्तावना वाचा: पाचामामाचं बळ आणि देवाचे आभार, दोन्ही एकाच वाक्यात आहेत.

चाल्या करायला सोपी, पण क्रम चुकवतात तो पाहुणेच. पेल्यातले पहिले थेंब जमिनीला, मग आपल्या तोंडाला. घराचे चारही कोपरे, दुकानाची पायरी, गाडीचं बॉनेट यांवर बिअर किंवा दारू शिंपडायची, रंगीत कागदी फिती आणि पाकळ्या टाकायच्या. मोठा नैवेद्य असेल तर ‘मेसा’ मांडतात. कागदावर कोआ नावाची सुवासिक वनस्पती, त्यावर लामाची चरबी, रंगीत लोकर, कोकाची निवडक अखंड पानं, घर, गाडी, पैसा अशा आकारांच्या साखरेच्या वड्या, आणि वर लामाचा वाळवलेला गर्भ. निखारे आधी चांगले फुलवून घ्यावे लागतात. अर्धवट पेटलेल्या कोळशावर मेसा नुसती धुमसते, आणि अर्धी जळालेली मेसा म्हणजे न स्वीकारलेली. राख पांढरी पडली तर यातिरी, म्हणजे आयमारा पुजारी, समाधान मानतो. ऑगस्टमध्ये हे सर्वांत जास्त चालतं, कारण तेव्हा जमीन तोंड उघडते, भुकेली असते असं मानतात.

आता तुमचा नाच. दियाब्लादात, म्हणजे या सैतानांच्या नाचात, सैतान सुटे नाचत नाहीत. पुढे देवदूत मिगेल तलवार घेऊन असतो, मागे लुसिफर, सातानास आणि चीना सुपाय ही सैतानीण. अस्वल आणि कंडोर गिधाडही असतात. मुखवट्यावरचा साप, बेडूक आणि सरडा नुसती सजावट नाही. वारी नावाच्या जुन्या दैवताने ओरुरोवर साप, बेडूक, सरडा आणि मुंग्या सोडल्या आणि मेरीने त्यांना थोपवलं, ही तिथली कथा. म्हणून देवदूत गाळून नुसते सैतान नाचवलेत तर नाच अर्धा राहील.

चाल दोन मात्रांची, कूच करतात तशी. ट्रम्पेट, ट्रॉम्बोन, ट्यूबा, झांजा आणि मोठा ढोल. दोन रांगा, उड्या, पुढे झटकलेला पाय, हातात रुमाल; मग रांगा एकमेकींना छेदतात, पुढे गुंडाळत जाणारं वर्तुळ होतं. मुखवटा आधी पत्र्याचा असायचा, आता फायबरग्लासचाही करतात. आत फोम आणि हनुवटीखाली पट्टा हवाच. नाहीतर प्रत्येक उडीला मुखवटा मागे राहतो आणि नाकावर आदळतो. दिसतं फार थोडं, म्हणून सराव मुखवट्यातच करा.

दियाब्लादा मुळात शहरी मंडळांचा नाच आहे, हेही सांगायला हवं. तिथला सर्वांत जुना संघ १९०४ मधला, खाटकांनी काढलेला. आणि आज कित्येक आयमारा कुटुंबं इव्हँजेलिकल, म्हणजे प्रोटेस्टंट पंथाची, आहेत. ती दारू आणि चाल्या दोन्हींपासून लांब राहतात. त्यामुळे ‘सगळे आयमारा’ असं मीही म्हणत नाही.

खेड्यातल्या लोकांचा नाच हवा असेल तर कार्निव्हलच्या शनिवारआधीच्या गुरुवारची अनाता, म्हणजे खेड्यांची मिरवणूक, बघा. तिथे तारका वाजते: चौकोनी लाकडाची, सहा भोकांची बासरी, तीन मापांत, मधली पट्टी मोठीपेक्षा पंचमाने वर आणि धाकटी सप्तकाने. जोरात फुंकायची. हळू फुंकलं की स्वर स्वच्छ येतो, आणि तोच चुकीचा. तारकेचा आवाज घोगरा, फाटलेलाच हवा. ही पावसाळ्याची वाद्यं, नोव्हेंबरच्या मृतांच्या सणापासून कार्निव्हलपर्यंत. सिकु, म्हणजे नळ्या जोडून केलेला पावा, मात्र कोरड्या हंगामाचा. अवेळी वाजवला तर पाऊस अडतो असं मानतात. सिकु दोघांत वाजतो, एकाकडे ६ नळ्या, दुसऱ्याकडे ७, सूर एकाआड एक. कार्निव्हलच्या नाचामागे सिकुचं रेकॉर्डिंग लावलेलं मी कित्येकदा पाहिलं आहे. तुम्ही तरी लावू नका.