मुहूर्त टळला की टाळला?

कोथरूडच्या एका ताईंनी विचारलंय: 'भास्कराचार्यांच्या लेकीवर, लीलावतीवर दीर्घ कविता लिहितेय, अद्भुताच्या अंगाने जाणारी. घटिकापात्रातला (वेळ मोजायच्या वाटीतला) मोती बोलायला लागतो, गेलेली वेळ माघारी येते. त्यात "मुहूर्त टळला" असं आलंय. मैत्रीण म्हणते, टळतं ते संकट, मुहूर्त चुकतो. बरोबर कोण?'

ताई, तुम्ही. टळणं म्हणजे जागेवरून सरकणं, वेळ उलटून जाणं. संकट टळलं की देवापुढे साखर ठेवतो, मुहूर्त टळला की कपाळाला हात लावतो. क्रियापद बिचारं दोन्हीकडे तेच. दुपारही टळते. टळटळीत दुपारी सदाशिव पेठेत कुणाचं दार वाजवू नये, टळत्या दुपारी खुशाल वाजवावं. आणि जे जागचं हलतच नाही ते अटळ.

मैत्रिणीचं 'चुकला' अगदीच चूक नाही, पण त्यात कुणाचा तरी गलथानपणा डोकावतो. 'हुकला' म्हणजे हाताशी येऊन गेला. डेक्कनला धावत सुटलो, बसच्या दांडीला बोटं लागली नि बस निघाली, तर ती हुकली. अमृततुल्यात दुसरा कप मागवत बसलो म्हणून गेली, तर चुकली. बस टळली असं मात्र कुणी म्हणत नाही. तिला दैवाचा तेवढा मान नाही.

लीलावतीला आहे. गणिती भास्कराचार्यांचा तिच्याच नावाचा ग्रंथ ११५० च्या सुमाराचा. मोत्याची आख्यायिका आपल्याला कळते ती अकबराच्या दरबारातल्या फैजी या कवीने १५८७ मध्ये केलेल्या फारसी भाषांतरातून. तळाला बारीक भोक असलेली वाटी पाण्यावर सोडायची, ती भरून बुडाली की एक घटका, म्हणजे २४ मिनिटं. (तांबट आळीतून आणलेल्या वाटीला भोक पाडून मी बादलीत हा प्रयोग केला होता. भोक जरा मोठं झालं, माझी घटका १९ मिनिटांतच आटपली. पण काठ पाण्याला टेकतो तेव्हा वाटी क्षणभर थबकते आणि मग डुबुक! ते बघण्यासारखं असतं.) लग्नाच्या मुहूर्तासाठी मांडलेल्या अशाच वाटीवर लीलावती कौतुकाने वाकते, अंगावरचा मोती निसटून वाटीत पडतो, भोक बुजतं. वाटी बुडेना, सगळे वाट बघत बसलेले, आणि लग्नघटका कधीच निघून गेलेली. यात कुणी चुकलं नाही, कुणाच्या हातून काही हुकलं नाही. म्हणून 'टळला'च.

फक्त एवढं बघा, तुमच्या कवितेत मोती निसटतो ना? लीलावतीने तो आपल्या हाताने वाटीत सोडला असेल, तर एक काना वाढवा: 'टाळला'.