आहेराची वही

धारूर तालुक्यातल्या एका शिक्षिकेचं पत्र आलंय. थोडक्यात असं: चार वर्षांपूर्वी त्यांच्या सख्ख्या भावानं नववीतल्या लेकीचं लग्न लावलं. वय पंधरा. भाऊ-भावजय ऊसतोडीला जातात. बाईंनी एकदा विरोध केला, तर भाऊ म्हणाला, "तू पगारी माणूस. सहा महिने पोरगी तू सांभाळतीस का?" बाई गप्प झाल्या. वर अक्षर चांगलं म्हणून मांडवात टेबलाशी बसून आहेरही त्यांनीच लिहून घेतला. भाची आता एकोणीसची. कडेवर दीड वर्षाचं लेकरू घेऊन नवऱ्यासोबत तोडीला जाते. इकडे बाईंना झोप नाही, बीपीची गोळी सुरू झालीय, आठवीच्या वर्गात मुलींकडे बघवत नाही. "तिच्या पाया पडून माफी मागू का?" असं विचारलंय.

बाई,

माफी मागायला जाऊ नका. निदान आत्ता नको. तुम्ही रडत दारात उभ्या राहिलात तर ती काय करील? लेकरू खाली ठेवील, तुम्हाला पाणी देईल आणि "जाऊ द्या आत्या, माझ्या नशिबातच होतं" म्हणून तुमचीच समजूत काढील. टोळी निघायच्या आठवड्यात पीठ-मीठ, अंथरूण-पांघरूण, कोपीची (तोडीवरच्या झोपडीची) ताडपत्री जमवता जमवता तुमचं रडंही तिनंच आवरायचं.

"सगळेच जबाबदार, तुम्ही एकट्यानं कशाला मनाला लावून घेता" असंही मी लिहिणार नाही. मांडवात चारशे माणसं जेवली असतील. पण पोरीची जन्मतारीख आणि कायदा दोन्ही माहीत असलेलं माणूस टेबलाशी बसून "पातेलं एक, रोख एकशे एक" लिहीत होतं. टोचतंय ते बरोबर जागी टोचतंय. (मी काही धुतल्या तांदळाची नाही. अंबाजोगाईकडच्या एका लग्नात नवरी आठवीतली आहे हे कळूनसुद्धा मी पंगतीला बसले, आणि बुंदी छान झालीय असं यजमानांना सांगूनही आले.)

भावाचा प्रश्न मात्र खोटा नव्हता. तोडीच्या हिशेबात नवरा-बायकोची जोडी म्हणजे एक कोयता. मुकादम, म्हणजे मजूर जमवणारा ठेकेदार, उचल (आगाऊ रक्कम) देतो ती जोडीला. एकट्या पोराचा अर्धा कोयता, म्हणून त्याच्या घरच्यांना दिवाळीआधी सून हवी असते. आणि पोरीच्या आईबापाला कारखान्याचं गाळप संपेपर्यंत वयात आलेली लेक म्हाताऱ्या आजीच्या भरवशावर ठेवायची धास्ती. शिक्षण हक्काचा कायदा तर चौदाव्या वर्षीच हात सोडतो. दोन घरांच्या अडचणीत तुमची भाची बरोबर मधे सापडली. भावाला "सांभाळीन, दे माझ्याकडे" म्हणायला तुमची जीभ रेटली नाही, हे तुमचं. पण ती पोर ठेवायला गावात दुसरी जागाच नव्हती, हे गावाचं, मुकादमाचं, कारखान्याचं आणि सरकारचंही.

आता भाचीचं. 2006 च्या बालविवाह प्रतिबंधक कायद्यानुसार अल्पवयात झालेलं लग्न ती स्वतः जिल्हा न्यायालयात अर्ज करून रद्द करून घेऊ शकते, पण वीस वर्षं पूर्ण व्हायच्या आत. म्हणजे तिच्या हातात वर्षही उरलेलं नाही. लग्न रद्द झालं तरी लेकरू कायद्यानं औरसच राहतं. हे तिला सांगा. आग्रह करू नका. नवरा बरा असेल, तिला संसार हवा असेल, तर तुमच्या मनाचं ओझं उतरावं म्हणून तिनं तो मोडायचा नाही. फक्त माहिती तिच्यापर्यंत पोचू द्या, एवढी चार वर्षं तीही पोचलेली नाही. आणि दहावी करायची असेल तर बाहेरून बसायला सतरा नंबरचा फॉर्म असतो, तो भरायला तुमच्याहून चांगलं कोण?

तुमच्या आठवीत या वर्षी किती मुलींचे आईबाप तोडीला जाणार आहेत? नजर चोरण्यापेक्षा त्याच चांगल्या अक्षरात त्यांची यादी करा, शाळेच्या जनरल रजिस्टरवरच्या जन्मतारखेसकट. अंगणवाडीताईला सोबत घ्या आणि ग्रामसेवकाला नेऊन द्या. गावात बालविवाह प्रतिबंधक अधिकारी तोच असतो, कित्येकदा त्याला स्वतःलाच आठवण करून द्यावी लागते. एकट्या जाऊ नका, नाहीतर गाव तुम्हालाच "लग्नमोडी" ठरवील. लग्न ठरल्याचं कानावर आलं तर 1098 या चाइल्डलाइनच्या नंबरला फोन करा. ऊसतोड कामगारांच्या मुलामुलींसाठी संत भगवानबाबा वसतिगृह योजना आहे, तिथं जागा आहे का ते आत्ताच विचारा, दिवाळीनंतर नव्हे. भावानं विचारलं होतं तेच पुढचा बाप विचारील, तेव्हा हाताशी उत्तर हवं.

झोपेचं वेगळं बघा. बीपीच्या गोळीनं हे जायचं नाही. 14416 या टेलीमानसच्या, म्हणजे मनाच्या त्रासासाठीच्या सरकारी हेल्पलाइनच्या नंबरावर मराठीतून बोलता येतं, पैसे लागत नाहीत. पहिल्या फोनला फक्त रडू आलं तरी चालतं, तिथं ते चालतं.

माफीचं राहिलं. कधीतरी भाचीच म्हणेल, "आत्या, तुम्ही तरी बोलायचं होतं." त्या दिवशी "भावानं ऐकलं नाही" असं सांगू नका. "हो, बोलायला हवं होतं," एवढंच म्हणा आणि मग तिला बोलू द्या, कितीही वेळ लागला तरी.

आत्ता मात्र गाडी निघायच्या आत एकदा जाऊन या. लेकराच्या लसीचं कार्ड सोबत घेतलंय का, बघा.