रुग्णालयांच्या डेटासाठी पुन्हा वापरता येईल असा कोड कसा लिहावा?

प्रत्येक रुग्णालयाच्या फाइलची मांडणी वेगळी असते, म्हणून फाइल वाचणारा कोड आणि आकड्यांचा वैद्यकीय अर्थ लावणारा कोड सुरुवातीपासूनच वेगळे ठेवावेत. खरी कसोटी एककांच्या रूपांतरात लागते: ग्लुकोज मिलिग्रॅम प्रति डेसिलिटरमधून मिलिमोल प्रति लिटरमध्ये नेताना १८ने भागावे लागते, तर क्रिएटिनिन (मूत्रपिंडाच्या कामाची तपासणी करताना रक्तात मोजला जाणारा घटक) मायक्रोमोल प्रति लिटरमध्ये नेताना ८८.४ने गुणावे लागते. त्यामुळे फंक्शनला नुसता आकडा न देता तपासणी कोणती आणि एकक कोणते हेही द्यावे, आणि एकक नसल्यास त्याने अंदाज न बांधता त्रुटी दाखवून थांबावे. याबाबत मी आग्रही आहे, कारण निमूटपणे पुढे सरकलेला चुकीचा आकडा उपचारापर्यंत पोहोचू शकतो. ग्लुकोज १२६ दिल्यावर ७.० मिळते, ही चाचणी फंक्शनसोबतच ठेवावी. स्तंभांची नावे मात्र रुग्णालयनिहाय कॉन्फिगरेशन फाइलमध्ये असावीत.