जुन्या हॉलिवूडमधला फारसा कोणाला माहीत नसलेला बालकलाकार कोण आणि त्याचं पुढे काय झालं?

तुम्ही विचारलंत म्हणून सांगतो, क्लॉड जार्मन ज्युनिअर. ऑस्कर मिळालेला पोरगा, पण आज नाव काढलं तर कोणाला पत्ता नसतो, याचं मला खरंच वाईट वाटतं.

१९४५ मध्ये एमजीएम या हॉलिवूड स्टुडिओला 'द इयरलिंग' या पिक्चरसाठी मुलगा हवा होता. हाच पिक्चर १९४१ मध्ये स्पेन्सर ट्रेसीला घेऊन सुरू झाला आणि बंद पडला होता. आता दिग्दर्शक क्लॅरेन्स ब्राउन स्वतः अमेरिकेच्या दक्षिणेतल्या शाळा पालथ्या घालत फिरला आणि नॅशव्हिलच्या एका पाचवीच्या वर्गात त्याला हा दहा वर्षांचा क्लॉड सापडला, कॅमेऱ्यासमोर कधी उभा न राहिलेला. पिक्चरमध्ये ग्रेगरी पेक त्याचा बाप आणि जेन वायमन आई! गोष्ट अशी की मुलगा हरणाचं पाडस पाळतो, ते मोठं होऊन शेतातलं पीक खायला लागतं, आई गोळी घालते पण ते नुसतंच जखमी होतं आणि मग त्याला संपवायचं काम त्या पोरावरच येतं. तो सीन बघाच, पोरगा अभिनय करतोय असं वाटतच नाही. १९४७ मध्ये बालकलाकारांचं छोटं ऑस्कर मिळालं.

नंतर जॉन फोर्डच्या 'रिओ ग्रांदे'त (१९५०) तो जॉन वेनचा मुलगा झाला, त्यात दोन पळत्या घोड्यांवर एकेक पाय ठेवून उभा राहतो, तेसुद्धा स्वतः. पण उंची वाढली, रोल आटले, मग तो सरळ नॅशव्हिलला परत गेला, शिकला, नेव्हीत नोकरी केली. बालकलाकार मोठा झाला की वाया जातो असं लोक धरूनच चालतात, याने मात्र १९६५ ते १९८० सॅन फ्रान्सिस्को फिल्म फेस्टिव्हल चालवला! म्हणजे सिनेमा सोडला नाहीच, फक्त पडद्यामागे गेला. करिअर फसलं असं मी तरी म्हणणार नाही. जानेवारी २०२५ मध्ये नव्वदीत गेला.

एकच पिक्चर बघणार असाल तर 'इंट्रूडर इन द डस्ट' (१९४९) बघा. खुनाचा आळ आलेल्या एका काळ्या माणसाला वाचवण्यासाठी त्यात हा मुलगा रात्री थडगं उकरायला जातो, आणि शूटिंगही मिसिसिपीतल्या ऑक्सफर्ड गावातच झालंय, जिथे या पिक्चरच्या मूळ कादंबरीचा लेखक फॉकनर स्वतः राहायचा.